२३ अंशांचा फ्यूज

यंदा कूलर पश्चिमेच्या खिडकीत लावला, तिथून हे सगळं सुरू झालं.

बाबांचे गुडघे बोलायला लागले म्हणून त्यांना वरच्या मजल्यावरून खाली आणलं. खाली जी खोली मिळाली तिला एकच खिडकी, तीही पश्चिमेला. नागपुरात पश्चिमेची खिडकी म्हणजे काय, हे मानेवाड्यात मे महिन्यात दुपारी तीन वाजता भिंतीला हात लावून पाहिल्याशिवाय कळत नाही. भिंत आतूनही गरम लागते. रात्री अकराला लागते ती वेगळी.

कूलर साधाच, लोखंडी, तीन ताट्यांचा. दोन वर्षांपूर्वी मी त्याला एक बोर्ड करून बसवला. टाकीतलं पाणी खाली गेलं की फ्लोट कळवतो, एक रिले, म्हणजे विजेवर चालणारं बटण, टक् करतो, बारा व्होल्टचा सोलेनॉइड व्हॉल्व्ह, म्हणजे विजेवर उघडणारी तोटी, उघडतो, टाकी भरली की बंद. दुसरा रिले पंपाचा. हेतू एवढाच की टाकी पाहायला बाबांनी उठू नये. मी एका पॉलिटेक्निकच्या इलेक्ट्रॉनिक्स लॅबमध्ये गेली २२ वर्षं आहे, त्यामुळे 'घरी काहीतरी कर ना' या आग्रहातून सुटका नसते. दोन उन्हाळे बोर्डाने कुरकूर केली नाही.

यंदा एप्रिल संपता संपता नाटक सुरू झालं. दुपारी दोनच्या सुमारास डिस्प्ले विझायचा. मिनिटभराने आपोआप पेटायचा. टक्, व्हॉल्व्ह उघडायचा, दहा-बारा मिनिटं पाणी यायचं, पुन्हा टक् आणि सगळं ठप्प. परत मिनिटभराने तेच. साडेपाचपर्यंत हा खेळ. सहाला मी घरी यायचो तेव्हा बोर्ड ठणठणीत चालू.

"तू आला का बरोबर चालते हा," बाबा म्हणाले. "मले पाहूनच बिघडते."

पहिला संशय अडॅप्टरवर. बदलला. दुसरा व्हॉल्व्हवर, कारण आमच्याकडच्या पाण्यात क्षार भरपूर. खोलला, धुतला. तिसरा संशय माझ्याच प्रोग्रामवर आणि त्यात दोन रात्री गेल्या. तोवर शेजारच्या भाऊंनी कंपाउंडवरून एक नजर टाकली आणि निदान करून मोकळे झाले. "त्यात फ्यूज-बिज असन काही, तर डायरेक्ट करून टाका ना. कायले टेन्शन घेता?"

डायरेक्ट करणे. या गावात हा शब्द मी लहानपणापासून ऐकतो आहे. मीटर डायरेक्ट, स्टार्टर डायरेक्ट, पंप डायरेक्ट. मधे जे कोणी अडवणारं आहे त्याला काढून दोन टोकं जोडायची, की काम झालं. बाबा वीज मंडळात लाइनमन होते. त्यांच्यासमोर हा शब्द उच्चारणं म्हणजे वारकऱ्यासमोर सावजी मटणाचा विषय काढणं. ते खुर्चीतूनच म्हणाले, "तुमच्या घराचं केलं काय डायरेक्ट? मंग आमचं काहून?"

भाऊ गेले. पण त्यांच्या बोलण्यातला एक शब्द माझ्या डोक्यात राहिला. फ्यूज. बोर्डावर फ्यूज होता. मीच टाकला होता. आणि इतक्या दिवसांत मी त्याच्याकडे एकदाही पाहिलं नव्हतं, कारण तो 'उडत नाही' हे मला माहीत होतं.

आमच्या जुन्या घरी, नागपुरातल्या महाल भागात, मीटरशेजारी चिनी मातीचे पांढरे किटकॅट फ्यूज होते. बाबांच्या कपाटात जाड पुठ्ठ्याच्या तुकड्यावर गुंडाळलेली फ्यूजची तार असायची, कल्हई केलेली, पाच अँपिअरची वेगळी, पंधराची वेगळी. लाइट गेली की आधी गल्लीत डोकावायचं. सगळ्यांची गेली असेल तर मंडळ, आपलीच गेली असेल तर फ्यूज. मग टॉर्च माझ्या हातात आणि बाबा स्टुलावर. जळलेल्या तारेचा वास, चिनी मातीवर उमटलेला काळा डाग, आणि नवी तार स्क्रूभोवती फिरवताना ती कोणत्या बाजूने गुंडाळायची यावरून मला मिळालेली बोलणी. तार घड्याळाच्या दिशेने गुंडाळायची, म्हणजे स्क्रू आवळताना ती आत ओढली जाते. उलटी गुंडाळली तर बाहेर ढकलली जाते. इंजिनिअरिंगचा माझा पहिला धडा तो.

तो फ्यूज मारबतीसारखा. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आपल्याकडे पिवळी आणि काळी मारबत निघते, गावभरची इडापीडा अंगावर घेते आणि शेवटी जळते. घेऊन जा गे मारबत! पुढच्या वर्षी नवी. तारेचा फ्यूजही तसाच, एकदा जळून सगळ्यांना वाचवतो, मग नवी तार.

माझ्या बोर्डावरचा फ्यूज जळणाऱ्यांतला नव्हता. बाहेरून पिवळा, आतून काळा, म्हणजे दोन्ही मारबती एकाच अंगात म्हणा हवं तर. शर्टाच्या बटणाएवढी पिवळी टिकली, खाली दोन पाय, अंगावर बारीक अक्षरांत काहीतरी आणि ठळक ०५०, म्हणजे अर्धा अँपिअर. दुकानात याला पॉलीफ्यूज म्हणतात, पुस्तकात पीपीटीसी, म्हणजे तापला की रेझिस्टन्स वाढवणारा प्लास्टिकचा पार्ट. बर्डीवर, म्हणजे सीताबर्डीच्या बाजारात, एखाद्या काउंटरवर 'रिसेटेबल फ्यूज द्या' म्हटलं तर समोरचा दोन सेकंद विचार करतो, 'पॉलीफ्यूज' म्हटलं की लगेच डबी काढतो.

आत काय असतं? काजळी आणि प्लास्टिक. खरंच एवढंच. प्लास्टिक पॉलिथिनच्या घराण्यातलं, पाण्याचे ड्रम ज्याचे होतात त्याचं सख्खं भावंड. त्यात कार्बनची अतिशय बारीक काजळी मळलेली असते. थंड असताना प्लास्टिकचे रेणू बऱ्याच अंशी शिस्तीत, स्फटिकांसारखे रचलेले असतात. काजळीला त्या स्फटिकांत जागा मिळत नाही, म्हणून तिचे कण उरलेल्या फटींत एकमेकांना चिकटून दाटीवाटीने बसतात. त्या चिकटलेल्या कणांच्या वाटांवरून करंट जातो. करंट वाढला की टिकली तापते. आतलं तापमान साधारण १२५ अंशांच्या आसपास पोचलं की स्फटिक वितळतात, प्लास्टिक फुगतं, काजळीचे कण एकमेकांपासून दूर सरकतात आणि वाटा तुटतात. अर्ध्या ओहमचा रेझिस्टन्स बघता बघता शेकडो-हजारो पटींनी वाढतो. प्लास्टिकवर आधीच किरणोत्साराचा मारा करून त्याचे रेणू एकमेकांत गुंतवून ठेवलेले असतात, म्हणून ते वितळलं तरी वाहून जात नाही. थंड झालं की पुन्हा आकसतं, कण पुन्हा टेकतात. १९८०च्या दशकाच्या सुरुवातीला अमेरिकेतल्या रेकेम कंपनीने हे बाजारात आणलं. प्लास्टिकवर किरणोत्साराची प्रक्रिया करणं हा त्यांचा मूळ धंदाच.

गरम झालं की अडवायचं, ही अक्कल आपल्या घरात आधीपासून होती. जुना पिक्चर ट्यूबचा रंगीत टीव्ही लावला की 'ठुंग' असा आवाज यायचा, आठवतं? ट्यूबभोवतीच्या कॉइलमधून क्षणभर जोरदार करंट जाऊन पडद्याचं चुंबकत्व पुसलं जायचं आणि मग तो करंट आपोआप मंदावायचा. मंदावणारा होता सिरॅमिकचा पीटीसी थर्मिस्टर. फ्रिजच्या कॉम्प्रेसरला चिकटलेली जी डबी असते, मेकॅनिक जिला नुसतं 'रिले' म्हणतो, तिच्यातही पुष्कळदा तीच चकती असते. सुरुवातीला धक्का द्यायचा आणि गरम होऊन बाजूला व्हायचं.

या पिवळ्या टिकलीबद्दल आमच्या लॅबमध्ये दर वर्षी एक तरी तक्रार येते. "सर, कपॅसिटर शॉर्ट दाखवून राहिला." मुलाने मल्टिमीटर बीपवर ठेवून टिकलीच्या दोन पायांना लावलेला असतो, बीप वाजते आणि तो विजयी मुद्रेने टिकली उपटायच्या तयारीत. दिसायला ती डिस्क कपॅसिटरसारखी, व्हॅरिस्टरसारखी, आणि पॉवर सप्लायच्या तोंडाशी बसणाऱ्या एनटीसीसारखीही. चौघांचे स्वभाव मात्र चार. व्हॅरिस्टर, म्हणजे व्होल्टेज फार चढलं तरच वाट देणारा, मीटरवर ओपन दिसतो आणि दिसायलाच हवा. एनटीसी दिसायला भाऊच, पण स्वभावाने उलटा, गरम झाला की करंटला वाट मोकळी करून देणारा. पॉलीफ्यूजवर बीप वाजणं म्हणजे तब्येत चांगली असल्याचं लक्षण. मी मुलांना सांगतो, आधी बोर्डावर छापलेलं अक्षर वाचा. टिकलीशेजारी एफ लिहिलंय की सी, हे बघायला मीटर लागत नाही.

दुसरी तक्रार अर्डुइनोची, म्हणजे मुलं ज्यावर प्रोग्रामिंग शिकतात त्या छोट्या बोर्डाची. मुलं पाच व्होल्ट आणि ग्राउंड हमखास शॉर्ट करतात, बोर्ड मरतो, लॅपटॉप तोंड फिरवतो. "सर, जळला." अर्डुइनो उनोच्या यूएसबी सॉकेटजवळ अर्ध्या अँपिअरचा छोटासा चपटा पॉलीफ्यूज असतो. शॉर्ट काढा, केबल काढा, चहा पिऊन या. दहापैकी निम्म्या वेळा तरी बोर्ड जिवंत होतो. (गोल जॅकमधून सप्लाय दिला असेल तर या फ्यूजचा काही संबंध नाही, तो फक्त यूएसबीच्या वाटेवर बसलेला असतो. त्या निम्म्यांत नसलेल्यांपैकी बरेच असे.)

म्हणजे हे सगळं मी पाठ म्हणून शिकवतो. आणि घरी प्रोग्राम चाळत दोन रात्री जागलो.

रविवारी सुट्टी होती. सकाळी नऊलाच बोर्डाचा डबा उघडून खिडकीशी स्टूल टाकलं. पॉलीफ्यूज बोर्डावरून न काढता तपासायची सगळ्यात सोपी युक्ती म्हणजे त्याच्या दोन पायांमधलं व्होल्टेज मोजायचं, बोर्ड चालू असताना, मिलिव्होल्टमध्ये. ओहमची रेंज चालत नाही, कारण वीस-पंचवीस रुपयांच्या प्रोबच्या वायरींचाच रेझिस्टन्स ०.३ ओहम असतो आणि फ्यूज स्वतः अर्धा-पाऊण ओहम. शिवाय इतर पार्टांतून उलटसुलट वाटा जातात. मिलिव्होल्टला या भानगडी नाहीत. व्हॉल्व्ह आणि दोन्ही रिले चालू असताना बोर्ड ३८० मिलिअँपिअर घेत होता, ते मी आधी मोजलं होतं. फ्यूजवर दिसले ३०५ मिलिव्होल्ट. भागाकार केला, ०.८ ओहम. नवा असताना हा प्रकार अर्ध्यापासून पाऊण ओहमपर्यंत असतो. म्हणजे माझा फ्यूज बरेचदा ट्रिप होऊन, तापून करंट अडवून, आलेला होता. एकदा ट्रिप झालेला पॉलीफ्यूज थंड होतो, बीप वाजवतो, सगळं पूर्ववत वाटतं, पण रेझिस्टन्स पहिल्या जागेवर येत नाही, थोडा वरच राहतो. डेटाशीटमध्ये, म्हणजे कंपनीच्या माहितीपत्रकात, त्यासाठी वेगळा रकाना असतो, ट्रिप झाल्यावर एका तासाने जास्तीत जास्त किती. तो रकाना मुलं वाचत नाहीत. मीही वाचला नव्हता.

मीटर तसाच लावून ठेवला. डब्यात एक थर्मामीटर खुपसला. अकराला ३१८. बाराला ऊन अजून भिंतीच्या माथ्यावर होतं, ३२५. दीडला ऊन डब्यावर आलं. डबा करड्या रंगाचा प्लास्टिकचा, वायरमन वापरतात तो, आणि मी त्याच्या सगळ्या फटी सिलिकॉनने बुजवल्या होत्या, पावसाच्या भीतीने. दोनला आतला पारा ६० ओलांडून गेला. व्हॉल्व्ह उघडा होता. दुपारी नळाला दाब कमी आणि कूलर पाणी पितो सकाळच्या दुप्पट, म्हणून तो एकदा उघडला की लवकर मिटतच नव्हता. मीटरवर ३४०. ३४६. ३५५. मग ३७१, आणि मी बाबांना हाक मारली. ते काठी टेकत आले. ३९०, ४२०, ५१०, आणि पुढचे आकडे वाचताच आले नाहीत. मीटरने रेंज ओलांडली, टक्, डिस्प्ले गेला.

"गेला," बाबा म्हणाले. काहीतरी प्रत्यक्ष पाहायला मिळाल्याचं समाधान त्यांच्या आवाजात होतं.

मी टिकलीवर बोट ठेवलं आणि झटकन काढलं. ट्रिप झालेला पॉलीफ्यूज चांगलाच पोळतो. तो करंट पूर्ण तोडतही नाही, थोडासा झिरपू देतो आणि त्या झिरपणाऱ्या करंटवरच स्वतःला गरम ठेवतो. शॉर्ट तसाच असेल तर वीज बंद करेपर्यंत तो अडूनच बसेल. माझ्या बोर्डात शॉर्ट नव्हता. व्होल्टेज कोसळलं की दोन्ही रिले सुटायचे, व्हॉल्व्ह मिटायचा, लोड ३८० वरून ३० मिलिअँपिअरवर यायचा. एवढ्याशा करंटवर टिकलीला गरम राहणं परवडायचं नाही. ती निवायची, बोर्ड पुन्हा जागा व्हायचा, टाकी रिकामी दिसायची, व्हॉल्व्ह उघडायचा. दोन आठवडे ज्याला मी बिघाड म्हणत होतो तो फ्यूज आपलं काम चोख करत होता.

मग प्रश्न असा, की अर्ध्या अँपिअरचा फ्यूज ३८० मिलिअँपिअरला का अडतो?

कारण तो अर्ध्या अँपिअरचा नाही. तो २३ अंशांना अर्ध्या अँपिअरचा आहे. डेटाशीटच्या पहिल्या पानावर दोन आकडे असतात. होल्ड, म्हणजे एवढा करंट तो कितीही वेळ विनातक्रार जाऊ देईल. ट्रिप, म्हणजे एवढ्याला तो नक्की अडवेल. माझ्याचा होल्ड ०.५, ट्रिप १. दोन्हींच्या मधला प्रदेश कोणाचाच नाही, तिथे तो अडवेलही आणि सोडेलही. आणि पानाच्या तळाशी बारीक टाइपात, २३ अंश सेल्सिअसला. पुढच्या पानावर एक तक्ता असतो. शून्य अंशांना हाच फ्यूज जवळजवळ ०.६ अँपिअर सांभाळतो. चाळिशीला ०.४ च्या जरा वर. ६० अंशांना ०.३३ च्या आसपास. सरळ आहे, ज्याला १२५ला पोचायचं आहे तो २३ वरून निघाला तर वाट लांब, ६० वरून निघाला तर तिसऱ्या हिश्श्याहून जास्त चढण उन्हानेच चढवून दिलेली.

२३ अंश. मी त्या आकड्याकडे बराच वेळ पाहत बसलो. नागपुरात २३ अंश असतात, नाही असं नाही. डिसेंबरात असतात, ऑगस्टमध्ये पावसाची झड लागली तर रात्री असतात. पण कूलर ज्या महिन्यांत चालतो त्यांत २३ अंश कुठे आहेत? बँकेत. एटीएमच्या काचेच्या खोलीत. आमच्या कॉम्प्युटर लॅबमध्ये, तेही प्राचार्यांची फेरी असेल तेव्हा. जगातली बहुतेक विजेची उपकरणं कुठल्यातरी सुखद खोलीत बसून मोजली जातात आणि मग आपल्याकडे येऊन नवतपा, म्हणजे मे अखेरचे ते नऊ तापलेले दिवस, भोगतात. घरातल्या एमसीबीचंही तेच, तिचा आकडा साधारणपणे ३० अंशांचा धरलेला असतो. मे महिन्यात पश्चिमेच्या भिंतीवरच्या बोर्डातली एमसीबी दुपारीच का पडते, याचं अर्धं उत्तर एसीच्या लोडमध्ये आणि अर्धं त्या भिंतीत.

सोमवारी जुना फ्यूज काढून लॅबमध्ये नेला. जाता जाता आणखी एक लाज सांगून टाकतो. दोन वर्षांपूर्वी टिकली हलते म्हणून मी तिच्यावर ग्लू गनने चांगला थर दिला होता. जी वस्तू फुगून काम करते तिला मी गोंदाने जखडलं होतं. पाय सोडवताना तो पिवळट थर चिमट्याने सोलून काढला, तर खाली माझ्याच बोटाचा ठसा.

सोल्डरिंगची उष्णताही रेझिस्टन्स वाढवते, म्हणून तासभर पडू दिला. मग बेंच सप्लाय, म्हणजे व्होल्टेज आणि करंट हवा तेवढा बांधता येतो असा लॅबचा सप्लाय, लावला, व्होल्टेजची मर्यादा १२, करंट ५०० मिलिअँपिअर. व्होल्टेजची मर्यादा आधी लावायची, कारण ट्रिप झाल्यावर सप्लायचं जवळजवळ सगळं व्होल्टेज एकट्या फ्यूजवर येतं. हा ६० व्होल्टवाला होता म्हणून चिंता नव्हती, पण बोर्डावर चिकटवायच्या छोट्या चपट्यांत ६ व्होल्टवालेही असतात आणि त्यांच्यावर १२ लादले तर ते खरोखर जळतात, कायमचे. खोलीतला एसी २४ अंशांवर. तासभर ५०० गेले, जुना का होईना, गडी हलला नाही. नंतर अडीच अँपिअर. दोन सेकंद काही नाही, तिसऱ्या सेकंदाला सप्लायचा करंट धाडकन खाली, व्होल्टेज १२ ला टेकलेलं, झिरपणारा करंट ६५ मिलिअँपिअर. गुणाकार केला तर पाऊण वॅटच्या आसपास. एवढ्याशा उष्णतेवर तो दार अडवून बसला होता.

मग मुलांना बोलावलं आणि खरी चाचणी केली. एका लाकडी पेटीत चाळीसचा बल्ब, आत थर्मामीटर, फ्यूजच्या वायरी भोकातून बाहेर. करंट ३८०वर बांधला. ३० अंशांना निवांत. ४० ला निवांत. पन्नाशी ओलांडल्यावर मिलिव्होल्ट चढू लागले आणि ५७ला तो ट्रिप झाला. बल्ब बंद केला, झाकण उघडलं, सप्लाय बंद करून चालू केला, पुन्हा निवांत. एका मुलाने विचारलं, "सर, मंग रेटिंग खोटं लिहिते काय कंपनी?" दुसऱ्याने त्याच्या पाठीत धपका घातला आणि म्हणाला, "खोटं नाई बे, दुसऱ्या गावचं लिहिते."

आता दुरुस्ती. माझं उत्तर तयार होतं, ०.७५ अँपिअरचा टाकायचा. घरी सांगितलं तर बाबांनी चष्म्यावरून पाहिलं.

"म्हणजे तूही जाडच तार टाकून राहिला. मंग शेजारचा काय वाईट बोलला?"

हा वार वर्मी होता. आयुष्यभर ते लोकांच्या किटकॅटमधून तांब्याच्या जाडजूड तारा उपसत फिरले. उन्हाळा आला, कुलर वाढले, फ्यूज उडतो, टाक जाड तार. मग एक दिवस फ्यूज शाबूत आणि भिंतीतली वायर जळालेली. मी त्यांना हिशोब मांडून दाखवला. अडॅप्टर दोन अँपिअरचा, नवा फ्यूज दीडला नक्की ट्रिप होईल, म्हणजे शॉर्ट झाला तर अडॅप्टरकडे त्याला पाडण्याएवढा जोर शिल्लक आहे. (अडॅप्टर एक अँपिअरचा असता तर हा फ्यूज नुसता शोभेचा झाला असता, अडॅप्टरनेच आधी मान टाकली असती.) बोर्डावरचे ट्रॅक आणि वायरी दोन अँपिअर सहज घेतात. ६० अंशांना नव्याचा होल्ड अर्ध्या अँपिअरच्या जवळ, माझा लोड ०.३८.

त्यांनी ऐकून घेतलं. म्हणाले, "आधी डबा सावलीत घे. तारेचं मंग पाहू."

लाइनमनचा हुकूम. डबा खिडकीच्या खाली, खोलीच्या आत घेतला, सिलिकॉन खरवडून खाली दोन भोकं पाडली. जुनाच फ्यूज परत बसवला, या वेळी गोंद न लावता. आतला पारा ४४ च्या वर गेला नाही. पाच दिवस टकटक नाही. सहाव्या दिवशी, दुपारी दोन तास लाइट जाऊन आली तेव्हा कूलर बंद पडून खोली भट्टी झालेली, टाकीही रिकामी, आणि व्हॉल्व्ह उघडल्यावर वीस मिनिटांत टक्. ४४ अंशांना त्या म्हाताऱ्या फ्यूजचा होल्ड आणि माझा लोड यांच्यात नखाएवढं अंतर उरलं होतं. मग बाबाच म्हणाले, "बदल."

नवा टाकताना मी फ्यूजच्या दोन्ही पायांपासून दोन वायरी डब्याबाहेर काढून ठेवल्या आणि टोकांना छोटी सॉकेटं लावली. दिवसभर घरी असतात ते, जुना मल्टिमीटर त्यांच्याकडे पडून होता, म्हटलं कधी वाटलं तर बघत जा. त्यांनी त्याच दिवशी कपाटातून मंडळाच्या काळातली लांबडी वही काढली, रूळ घेऊन रकाने आखले. तारीख, वेळ, मिलिव्होल्ट, शेरा. व्हॉल्व्ह उघडल्याचं टक् ऐकू आलं की काठी घेऊन उठतात. ज्या कामासाठी त्यांनी उठू नये म्हणून बोर्ड केला होता, त्यापेक्षा जास्त वेळा आता उठतात.

गेल्या आठवड्यात वही माझ्यासमोर सरकवली. सकाळी सातचे आकडे ११९, १२०, ११९. दुपारी तीनचे १२९, १३१, १२८. एका दुपारी १२२, आणि शेऱ्याच्या रकान्यात लिहिलं होतं, 'अवकाळी. गारा.'

"हा फ्यूज नाही रे," ते म्हणाले. "हा तर थर्मामीटर आहे."

आज नवतपाचा चौथा दिवस. मी लॅबमधून फोन केला तेव्हा त्यांनी हॅलो म्हणायच्या आधी सांगितलं, "एकशे चौतीस."